पहिल्यांदाच गौरी बसवताय? आधी आईंजवळ वही घेऊन बसा

आमच्या महालक्ष्म्या (गौरींना आम्ही असंच म्हणतो) मूळच्या अंबडच्या, जालना जिल्ह्यातल्या. सासरे गेले, वर्षश्राद्ध झालं आणि सासूबाई आमच्याकडे पुण्याला राहायला आल्या. त्यांच्याबरोबर दोन पत्र्याच्या कोठ्या आणि एक लोखंडी ट्रंक आली. ट्रंक आमच्या बेडरूममध्ये ठेवून त्या एवढंच म्हणाल्या, "आता हे तुझं."

त्याआधी अकरा वर्षं मी दर भाद्रपदात अंबडला जात होते. पोळ्या लाटत होते, पंगती वाढत होते, भांडी आवरत होते. पण महालक्ष्म्या उभ्या कशा करतात, मुखवटे कधी ठेवतात, पहिल्या दिवशी ताटात काय असतं, हे मला धड सांगता आलं नसतं. स्वयंपाकघरातून बाहेर येईपर्यंत त्या नटूनथटून उभ्याच असायच्या. सुनांचं बहुतेक घरी असंच होतं आणि मग एका वर्षी सगळं अचानक अंगावर येतं. तुमचं तसं होऊ नये म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

१. तुमच्या घरच्या गौरी कोणत्या, ते आधी विचारा

गौरी म्हटलं की भरजरी साड्यांतल्या उभ्या मूर्ती डोळ्यांसमोर येतात, पण सगळ्यांच्या गौरी तशा नसतात. कोकणस्थांच्या पुष्कळ घरी पाणवठ्यावरून आणलेल्या पाच किंवा सात खड्यांच्या गौरी असतात. कोकणात अनेक ठिकाणी तेरड्याची रोपं मुळांसकट आणून त्यांची गौर करतात. कुणाकडे सुगडांच्या उतरंडीवर मुखवटा बसतो, कुणाकडे धान्याच्या राशीवर, तर कुणाकडे कागदावरच्या चित्राची पूजा होते. मराठवाड्यात आणि विदर्भात बहुतेक उभ्या असतात आणि त्यांना महालक्ष्म्याच म्हणतात.

बाजारात आता स्टँड, हात, मुखवटे, दागिने असा सगळा संच तयार मिळतो. तो पाहून खड्यांच्या गौरी असलेल्या घरात उभ्या आणायचा मोह होतो. आणू नका. घरात चालत आलेलं आहे तेच करा. खड्यांच्या गौरींना नेसवायला साडी लागत नाही, म्हणून त्या कमी होत नाहीत. नैवेद्याचंही तसंच. कोकणात काही घरी गौरीला तिखटाचा म्हणजे मटणाचा नैवेद्य असतो. तुमच्याकडे तसा असेल तर शेजारणीकडे पुरणपोळी आहे म्हणून संकोचू नका.

२. वही करा

हे सगळ्यात महत्त्वाचं, आणि ते गौरीच्या आठवड्यात करून उपयोग नाही. निदान दोन महिने आधी, आषाढातच सुरुवात करा. शंभर पानी वही घ्या आणि सासूबाई, आजेसासू, चुलतसासू, ज्यांच्या हातून हे झालंय त्यांच्याजवळ बसा. थोरल्या जाऊबाई किंवा नणंद असेल तर तिलाही विचारा. माहेरवाशिणीला बारीकसारीक गोष्टी फार लख्ख आठवतात.

मी पहिल्या दिवशी प्रश्नांची यादीच घेऊन बसले होते आणि पंधरा मिनिटांत माझ्या लक्षात आलं की विचारून काही हाती लागत नाही. "आई, आंबिलीत मीठ किती?" "लागेल तेवढं." "भाजी कुठली?" "अंबाडीची." बस्स. त्यांना सांगायचं नव्हतं असं मुळीच नाही. त्यांचं सगळं ज्ञान हातात होतं आणि हात चालल्याशिवाय ते तोंडात येत नव्हतं.

म्हणून मी अंबाडीची जुडी आणली आणि त्यांच्यापुढे ठेवली. पानं खुडता खुडता त्या आपोआप बोलायला लागल्या. "देठ घेऊ नकोस, आंबट होते फार. कण्या ज्वारीच्याच घाल, तांदळाच्या नको. आणि एरवी आपण लसणाची फोडणी देतो ना, त्या दिवशी नाही." या तीन गोष्टी मला प्रश्न विचारून कधीच कळल्या नसत्या. मग मी दर रविवारी एक पदार्थ त्यांच्याकडून करवून घेतला. त्या मुठीनं मीठ टाकायला निघाल्या की ती मूठ आधी वाटीत घ्यायची, चमच्यानं मोजायची, वहीत लिहायची आणि मग पातेल्यात टाकायची. डाळ, गूळ, पीठ सगळं काट्यावर वजन करून घेतलं. नैवेद्य दाखवायच्या आधी चव घेता येत नाही, त्यामुळे ही मापं वहीत असणं फार गरजेचं आहे.

हात चालताना मोबाईलवर चित्रण करा. चेहरा दिसला नाही तरी चालेल, हात आणि आवाज आला पाहिजे.

काही गोष्टी मात्र स्पष्ट विचाराव्याच लागतात:

- ज्येष्ठा कोणत्या बाजूला, कनिष्ठा कोणत्या? दोघींचे मुखवटे ओळखायचे कसे? (आमच्या ज्येष्ठेच्या मुखवट्याला मागे बारीक खाच आहे. आईंनी दाखवेपर्यंत ती कुणाच्याच लक्षात आली नव्हती.)
- गौरी आत कोण आणतं? लेक की सून?
- बाळं असतात का, किती, आणि कुणाजवळ कोणतं ठेवायचं?
- तीन दिवसांचे तीन नैवेद्य कोणते?
- घरात वर्ज्य काय? एखादी भाजी, साडीचा एखादा रंग?
- पूजेला गुरुजी लागतात की घरचे करतात?
- गळ्यात घालायचे सोळा गाठींचे दोरे घेतात का, आणि ते कधी सोडतात?

दोन सासवांनी दोन वेगळी उत्तरं दिली तर दोन्ही लिहा. वाद घालू नका. आमच्या चुलतसासूबाई शेपूची भाजी सांगतात आणि आई अंबाडीची. वाटण्या झाल्यावर दोन घरी दोन रीती पडल्या, दोन्ही खऱ्याच.

३. दिवस नक्षत्रावर ठरतो

गणपती चतुर्थीला बसतो, पण गौरींचं सगळं नक्षत्रावर असतं. भाद्रपद शुक्ल पक्षात अनुराधा नक्षत्रावर आवाहन, ज्येष्ठा नक्षत्रावर पूजन, मूळ नक्षत्रावर विसर्जन. ज्येष्ठा नक्षत्रावर पूजा होते म्हणूनच पंचांगात 'ज्येष्ठागौरी' लिहिलेलं असतं.

त्यामुळे "चतुर्थीनंतर अमुक दिवसांनी गौरी" असं धरून चालू नका. २०२३ साली चतुर्थी १९ सप्टेंबरला होती आणि आवाहन २१ला, म्हणजे तिसऱ्याच दिवशी. २०२५मध्ये चतुर्थी २७ ऑगस्टला आणि आवाहन ३१ला, पाचव्या दिवशी. ज्यांचा गणपती गौरींबरोबर जातो त्यांच्या गणपतीचा मुक्कामही त्याप्रमाणे लांबतो किंवा आटपतो. नोकरी करत असाल तर कॅलेंडर हाती आल्याबरोबर तीन दिवसांची रजा टाका. शक्य असेल तर आवाहनाच्या आदल्या दिवशीचीही टाका, कारण खरं काम तेव्हाच असतं.

दुसरी गोष्ट, तारखेशेजारी बारीक अक्षरात वेळ असते, ती वाचा. नक्षत्र किती वाजेपर्यंत आहे ते तिथे दिलेलं असतं. कधी रात्रीपर्यंत सवड असते, कधी दुपारीच संपते. परदेशात असाल तर ती भारतीय वेळ आहे हे लक्षात ठेवा आणि तुमच्या गावचं पंचांग पाहा.

४. साहित्य

उभारणीसाठी: स्टँड किंवा कोठ्या, हात, मुखवटे, बाळं, दोन साड्या, दोन खण, कमरेला बांधायला सुती नाडी किंवा जाड फीत, भरपूर सेफ्टी पिना आणि टाचण्या, सुतळी, जुनी सुती ओढणी (गळ्याशी भरायला), पाट किंवा चौरंग, कात्री.

पूजेसाठी: हळद, कुंकू, अक्षता, गुलाल, बुक्का, अष्टगंध, कापसाची वस्त्रं आणि सोळा मण्यांच्या माळा, फुलवाती, तुपाचं निरांजन, समई, घंटा, विड्याची पानं, सुपाऱ्या, खारका, बदाम, हळकुंडं, नारळ, ओटीचे तांदूळ, पाच फळं, आघाडा, दूर्वा, केवडा, शेवंती, कमळ मिळालं तर. शिवाय दोऱ्यांसाठी पांढरं सूत.

आघाडा आणि दूर्वा आदल्या दिवशी आणून ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा. अगदी त्याच सकाळी मंडईत गेलात तर भाव ऐकून परत यावंसं वाटतं. गावाकडे रस्त्याच्या कडेला आघाडा माजलेला असतो. शहरातही मोकळ्या जागांवर सापडतो, फक्त ओळखता आला पाहिजे: लांब दांडा आणि त्यावर खाली वळलेली, कपड्याला चिकटणारी कुसळं.

मखर करायचं तर कापड, बांबू, पुठ्ठा वापरा. थर्माकोलवर महाराष्ट्रात २०१८पासून बंदी आहे.

५. मुखवटे काढताना

ट्रंक किमान आठवडाभर आधी उघडा. आत काय आहे, काय मोडलंय, कशाला कसर लागली आहे, हे आदल्या रात्री कळून चालत नाही.

माझ्या हातून पहिल्याच वर्षी एक चूक झाली, ती तुम्ही करू नका. आमचे मुखवटे पितळी, पण डोळे, भुवया आणि ओठ रंगवलेले. काळवंडलेले दिसले म्हणून मी पितळ घासायची पावडर घेतली आणि घासले. ज्येष्ठेचा डावा डोळा पुसला गेला. मी मटकन खालीच बसले. आई आल्या, त्यांनी पाहिलं, माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाल्या, "माझ्या सासूबाईंच्या हातूनही झालं होतं. पुण्यात बोहारआळीत रंगवून मिळतात." तिथे मिळाले रंगवून, पण चार दिवस जीव थाऱ्यावर नव्हता.

रंगवलेला भाग सोडून फक्त पितळ उजळायचं असेल तर मऊ फडक्याचं टोक बोटाला गुंडाळून, चिंचेच्या कोळाचा अगदी हलका हात फिरवा, लगेच ओल्या आणि मग कोरड्या फडक्यानं टिपा. शाडूच्या मुखवट्यांना पाणी अजिबात लावायचं नाही. रंगाचा मऊ, कोरडा ब्रश पुरतो.

६. उभं करणं आणि साडी नेसवणं

हे काम एकट्यानं करू नका. दोघं हवीत, आणि दुसरं माणूस नवरा असला तर उत्तमच. माझ्याकडे कोठ्या आणि त्यावरची कापडी धडं तेच बांधतात.

आधी पाया. आमच्या कोठीत धान्य भरतात, एकीत गहू, एकीत ज्वारी, त्यामुळे ती हलत नाही. स्टँड असेल तर त्याच्या पायावर पाच-पाच किलोच्या धान्याच्या पिशव्या ठेवा आणि सुतळीनं बांधा. नुसतं स्टँड दिसायला भक्कम असतं. पण साडी, दागिने, मुखवटा चढला की वजन सगळं वर जातं आणि एखाद्या लहान मुलानं पदर ओढला की संपलं.

नंतर साडी. साडीचा पन्हा साधारण ४५ इंच असतो आणि बाजारातल्या स्टँडची कमर जमिनीपासून जेमतेम अडीच फुटांवर. म्हणजे पंधराएक इंच साडी जास्तीची. ती खाली लोळवू नका, वरच्या बाजूनं आत दुमडून घ्या. क्रम असा ठेवा:

आदल्या रात्री पलंगावर साडी पसरून निऱ्या घाला. वर, मध्ये आणि खाली अशा तीन ठिकाणी पिना लावा आणि त्यावर कोमट इस्त्री फिरवा. पदराच्याही पट्ट्या अशाच करून ठेवा. स्टँडच्या कमरेला नाडी घट्ट बांधा. सकाळी आधी पदर खांद्यावर टाचा, मग साडी मागून फिरवून पुढे आणा आणि शेवटी तयार निऱ्या नाडीत खोचा. निऱ्यांच्या खालच्या पिना सगळ्यात शेवटी काढायच्या. पदर आधी लावल्यानं लांबी हवी तेवढी धरता येते. निऱ्यांपासून सुरुवात केली की पदर हमखास आखूड पडतो.

नवीन, कडक सुती किंवा काठपदराची साडी उत्तम बसते. शिफॉनसारख्या सुळसुळीत साड्या घसरतात. नऊवारी पहिल्या वर्षी नकोच.

आता एक युक्ती, जी मला कुणी सांगितली असती तर फार बरं झालं असतं. मुखवटा एकदा आवाहन करून ठेवला की तो हलवायचा नसतो. विसर्जनाच्या वेळी तो हलवणं हाच तर विधी आहे. त्यामुळे गळा भरणं, उंची, तोल, सगळी तालीम आधी करावी लागते, आणि ती मुखवट्याच्या जागी साधारण तेवढ्याच वजनाचा तांब्या ठेवून करा. तांब्या डुगडुगला तर ओढणीची चुंबळ करून गळ्याशी भरा. तांब्या ठाम बसला की मुखवटाही बसतो.

दागिने जड ते आधी, हलके नंतर. नथीला मुखवट्याला भोक नसेल तर थोडं मेण लावून चिकटवा.

समई आणि निरांजन साडीपासून हातभर लांब ठेवा. पदर, केळीचे खांब, कापडी मखर, वरून फुलोरा, आणि खाली उघडी ज्योत. रात्री झोपण्याआधी समई शांत करायची की राखायची हे घरात ठरवा. राखणार असाल तर कुणीतरी त्या खोलीत झोपा.

७. पहिला दिवस: आवाहन

दारापासून महालक्ष्म्यांच्या जागेपर्यंत रांगोळीची पावलं काढा, त्यावर हळदीकुंकू. मुखवटे ताटात किंवा सुपात घेऊन उंबऱ्याबाहेर उभं राहायचं. आतली बाई पायांवर दूध-पाणी घालते, कुंकू लावते, ओवाळते. मग घंटा वाजवत एकेका पावलावर थांबत आत यायचं.

"गौर आली, गौर आली!"
"कशाच्या पावलानं आली?"
"सोन्याच्या पावलानं आली."

सगळं घर दाखवायचं: धान्याचे डबे, तिजोरी, देवघर, मुलांचं अभ्यासाचं टेबल. प्रत्येक ठिकाणी कुणीतरी विचारतं, "इथं काय आहे?" आणि आणणारी सांगते, "धनधान्य आहे", "विद्या आहे". आमची मुलगी सहा वर्षांची असताना तिनं मुखवट्यांना फ्रीज उघडून दाखवला आणि "इथं खूप दूध आहे" म्हणाली. तेव्हापासून फ्रीजही दाखवतो. मुलांना यात घ्या, त्यांना हा भाग जन्मभर आठवतो.

मग मुखवटे जागेवर, हळदीकुंकू, आरती आणि संध्याकाळी भाजी-भाकरीचा साधा नैवेद्य. दमून आलेल्या लेकीला पहिल्या दिवशी साधंच जेवण. या दिवशी उगाच पक्वान्नं करून स्वतःला दमवू नका, उद्या आहेच.

८. दुसरा दिवस: पूजन आणि स्वयंपाक

लाडू, करंज्या, शेव, चकल्या चार-पाच दिवस आधी करून ठेवा. तुमच्याकडे फुलोरा असेल, म्हणजे करंज्या, पापड्या, वेणी-फणी दोऱ्यात ओवून महालक्ष्म्यांच्या वर टांगायची पद्धत असेल, तर एक गोष्ट ध्यानात ठेवा: दोरा ओवायचं भोक तळायच्या आधी, कडेच्या मुरडीत काडीनं पाडा. तळल्यावर पाडायला गेलात तर करंजी फुटते. काडी सारणापर्यंत जाऊ देऊ नका, नाहीतर सारण तेलात उतरतं आणि पुढचा सगळा घाणा काळा पडतो.

सोळा भाज्या म्हटलं की नवख्या बाईच्या छातीत धस्स होतं. पण सोळा पातेली लागत नाहीत. बहुतेक घरी सोळा भाज्यांची मिळून एकच भाजी होते. माझ्या वहीतली यादी: भेंडी, गवार, दोडका, पडवळ, लाल भोपळा, दुधी, तोंडली, घेवडा, सुरण, अळू, बटाटा, रताळं, वांगं, कच्चं केळं, चवळीच्या शेंगा, ढेमसं. चातुर्मासात वांगं पाळत असाल तर त्याजागी कारलं. प्रत्येकी मूठभर पुरे. चिरून दोन भागांत ठेवा, शिजायला वेळ लागणाऱ्या आणि लवकर शिजणाऱ्या, आणि त्याच क्रमानं टाका. सुरण आणि अळू असल्यामुळे चिंचेचा कोळ विसरू नका, नाहीतर घसा खाजतो.

पुरणाचं माप: एक किलो हरभरा डाळीच्या पुरणात माझ्या हाताच्या मध्यम आकाराच्या पस्तीसेक पोळ्या होतात. त्यातून दिव्यांचं आणि नैवेद्याचं पुरण वजा करा. डाळ शिजली की चाळणीत ओतून कट पूर्ण निथळू द्या, इथे घाई झाली की पुरण सैल होतं आणि पोळी फुटते. मग गूळ घालून शिजवताना उलथनं मधोमध उभं राहिलं की गॅस बंद. वाटायचं गरम असतानाच. कटाची आमटी करायची असते, म्हणून कट ओतून देऊ नका.

आंबिलीसाठी ज्वारीचं पीठ आदल्या रात्री ताकात भिजवून ठेवा. आमच्याकडे आंबिलीशिवाय महालक्ष्म्यांचं ताट पुरं होत नाही.

पुरणाचे सोळा दिवे करतात. गोळ्याला अंगठ्यानं खळगा, त्यात साजूक तूप आणि फुलवात. आरतीची तयारी पूर्ण झाल्यावरच तूप घाला, आधी घातलं तर ते पुरणात मुरतं आणि वात पेटत नाही.

माणसं किती बोलवायची? पहिल्या वर्षी सवाष्ण, ब्राह्मण आणि घरची, एवढीच. सवाष्णीला महिनाभर आधी सांगून ठेवा. त्या दिवशी ज्या बायका मोकळ्या असतात, त्यांना चार घरची बोलावणी असतात.

९. कहाणी ऐका, आणि खर्च त्याप्रमाणे करा

पूजनाच्या दिवशी महालक्ष्मीची कहाणी वाचतात. त्या कहाणीतल्या गरीब ब्राह्मणाच्या घरी गौर आणायला काहीही नसतं. मुलं आईजवळ हट्ट धरतात, ब्राह्मण कंटाळून जीव द्यायला निघतो आणि वाटेत भेटलेल्या म्हातारीला घरी घेऊन येतो. बायको आंबिलीसाठी मडक्यात कण्या बघायला जाते, तर मडकं भरलेलं. म्हातारी त्या घरी पेज पिऊन समाधानानं झोपते. महालक्ष्मी आली ती अशा घरी. त्यामुळे उधार-उसनवारी करून नव्या पैठण्या आणि मोठी आरास करायची काहीच गरज नाही. आमच्याकडे एका वर्षी नवी साडी, दुसऱ्या वर्षी तीच धुऊन.

हळदीकुंकवाबद्दल माझं मत मी मोकळेपणानं सांगते. सासरे गेल्यावर पहिल्या वर्षी आई स्वयंपाकघराच्या दारातच उभ्या राहिल्या, पुढे येईनात. चाळीस वर्षं ज्यांनी या दोघींना नेसवलं, ज्यांच्याकडून मी सगळं शिकले, त्या दाराआड उभ्या. मी करंडा घेतला आणि पहिलं बोट त्यांना लावलं. त्या नको नको म्हणत होत्या, डोळ्यांतून पाणी वाहत होतं. चुलतसासूबाई थोडा वेळ गप्प राहिल्या, मग त्यांनी स्वतः येऊन आईंच्या केसांत गजरा माळला. आता आमच्याकडे पहिलं हळदीकुंकू आईंचंच असतं. तुमच्याही घरात अशी कुणी असेल तर तिला दाराआड ठेवू नका.

१०. अडचणी

पाळीची तारीख आणि गौरींची तारीख एक आली तर काय, हा प्रश्न प्रत्येकीच्या मनात असतो आणि मोठ्यानं कुणी विचारत नाही. ते घरात महिनाभर आधी बोलून ठेवा. काही घरी काहीच पाळत नाहीत, काही घरी पूजा दुसरं कुणी करतं. आमच्याकडे तसं झालं तेव्हा नवऱ्यानं पूजा केली आणि नणंदेनं पुरण घातलं, आणि सगळं वहीत असल्यामुळे काही अडलं नाही. पुढे ढकलायच्या गोळ्या मैत्रिणीनं सांगितल्या म्हणून परस्पर घेऊ नका, डॉक्टरांना विचारूनच.

सोयर-सुतक आलं तर आपल्या गुरुजींना विचारा. घराघरात रीत वेगळी आहे.

११. तिसरा दिवस आणि आवराआवर

सकाळी दोरे करायचे. सुताचे सोळा पदर घेऊन हळदीत भिजवायचे आणि सोळा गाठी मारायच्या. आमच्याकडे गाठींत हळकुंड, खारीक, फुलं आणि झेंडूची पानं बांधतात. पूजा झाली की ते घरच्या बायका गळ्यात घालतात आणि आश्विन वद्य अष्टमीला सोडतात. सूत हळदीत घातल्यावर हात पिवळे होतात, साडी जुनी नेसा.

नैवेद्याला शेवयांची खीर, दहीभात आणि उडदाचा पापड. आरती, अक्षता, आणि मग मुखवटे किंचित हलवायचे. झालं विसर्जन. पत्री आणि फुलं घरच्या बादलीत किंवा कुंडीत विसर्जित करा. पाणवठ्यावर गेलात तर चिमूटभर वाळू घेऊन या आणि घरभर टाका, धान्याच्या डब्यांवरही. कहाणीतली म्हातारी निघताना हेच सांगून जाते.

आवरायची घाई त्याच रात्री करू नका, पण आठवड्यापेक्षा जास्त लांबवूही नका. कोठीतलं धान्य काढून घरात वापरायला घ्या. दागिने मोजून डबीत, दोन्ही नथी वेगवेगळ्या कागदात. मुखवटे कोरडे पुसून जुन्या धुतलेल्या सुती साडीत गुंडाळा आणि त्यावर चिठ्ठी लावा, ज्येष्ठा, कनिष्ठा. कापडी धड दोन दिवस उन्हात ठेवून मग ट्रंकेत, सोबत वाळलेला कडुनिंबाचा पाला. उभ्या असतानाचा पुढून आणि बाजूनं असे दोन फोटो छापून झाकणाच्या आतून चिकटवा.

आणि ट्रंक बंद करायच्या आधी वहीत या वर्षीचं पान लिहा: किती माणसं जेवली, किती डाळ लागली, काय उरलं, काय कमी पडलं, कुठली पिन सापडत नव्हती. माझ्या गेल्या वर्षीच्या पानावर शेवटची ओळ आहे: "तूप पाव किलो कमी पडलं, केवडा एकच आणावा, ज्येष्ठेच्या गळ्याला ओढणी दोन वेढे जास्त." वही सगळ्यात वर ठेवा, ट्रंक उघडल्याबरोबर हाताला लागेल अशी.